दोघांनी मिळून लिहावे का? सहा महिन्यांच्या कसोटीनंतर गूगल डॉक्सविषयी

सातारा जिल्ह्यात राहणारे माझे एक स्नेही, जे निवृत्त मराठी शिक्षक आहेत, आणि ठाण्यात राहणारी मी, अशा दोघांनी मिळून एक दोन अंकी नाटक लिहायचे ठरले, तेव्हा सरांनीच एक अट घातली. हे नाटक पुरे होईपर्यंत आपण पुढेही एकत्र लिहिणार आहोत असे कोणालाही सांगायचे नाही, एकमेकांनाही नाही. सहा महिने लिहायचे, मग ठरवायचे. या सहा महिन्यांतले आमचे सगळे लेखन गूगल डॉक्समध्ये झाले. त्यामुळे हे परीक्षण त्या साधनाचे असले, तरी मी ते एकाच प्रश्नापुरते लिहीत आहे: दोन लेखकांना दीर्घकाळ एकत्र लिहायचे की नाही हे ठरवायचे असेल, तर हे साधन त्यांना कितपत मदत करते आणि कोठे चकवते.

साधनाची ओळख थोडक्यात पुरे. २००६ मध्ये गूगलने ‘राइटली’ हे संकेतस्थळावर लिहिण्याचे साधन विकत घेतले, त्यातून हे उभे राहिले. वैयक्तिक खात्याला ते विनामूल्य मिळते. मेल, छायाचित्रे आणि फायली मिळून १५ जीबी जागा असते आणि नाटकाच्या संहितेला त्यातला नगण्य भाग लागतो. सामायिक केलेली फाइल फक्त मालकाच्या जागेत मोजली जाते, त्यामुळे सरांच्या जुन्या फोनवर आणि जवळजवळ भरलेल्या खात्यावर काहीही भार पडला नाही. संध्याकाळी वीज गेली की ते फोनवर जोडणीविना लिहीत आणि जोडणी आली की मजकूर आपोआप माझ्या पडद्यावर उतरत असे. याआधी एका वेगळ्या सहलेखिकेबरोबर मी मेलवरून फायली पाठवून काम केले होते. ‘अंतिम’, ‘अंतिम दोन’, ‘खरेच अंतिम’ अशा नावांच्या फायलींमध्ये एक पूर्ण प्रवेश हरवला आणि त्याबरोबर आमचा एकमेकींवरचा विश्वासही थोडा हरवला. तो त्रास या वेळी एकदाही झाला नाही, आणि केवळ एवढ्यासाठीही मी हे साधन सुचवीन.

आरंभी आम्ही प्रवेश वाटून घेतले. स्वीडनमधील एका लेखकजोडीने १९६५ ते १९७५ या दहा वर्षांत दहा गुन्हेकथा अशाच लिहिल्या होत्या, आधी सविस्तर आराखडा आणि मग एकाआड एक प्रकरण, हे मला ठाऊक होते आणि ती पद्धत मला सुटसुटीत वाटली. महिन्याच्या शेवटी पहिला अंक सलग वाचला, तेव्हा दुसऱ्या प्रवेशातली सासू आणि तिसऱ्या प्रवेशातली सासू या दोन निराळ्या बायका होत्या. सरांची सासू कोरेगावची होती, माझी नौपाड्याची. त्या जोडीचे घर एक होते, बोलणे रोजचे होते. आमच्यामध्ये तीनशे किलोमीटरांच्या आसपास अंतर होते आणि वाटून लिहिल्यामुळे ते संहितेत दिसू लागले होते. तेव्हा पद्धत बदलली. संवादांचा पहिला खर्डा सरांनी करायचा, प्रवेशांची बांधणी आणि क्रम मी पाहायचा आणि त्यानंतर प्रत्येक ओळीवरून दोघांनीही हात फिरवायचा.

हा हात कसा फिरवायचा, यावरच माझ्या मते सहलेखनाचे भवितव्य ठरते, आणि या साधनाचा खरा उपयोगही येथेच आहे. डॉक्समध्ये दुसऱ्याच्या मजकुरात दोन प्रकारे बदल करता येतात. एक, थेट संपादन, म्हणजे जुने वाक्य खोडून नवे लिहिणे. दुसरा, सूचना देण्याची पद्धत, जी २०१४ मध्ये आली. तीत जुने वाक्य रेघ मारलेल्या रूपात तसेच राहते, नवे वाक्य वेगळ्या रंगात शेजारी येते आणि दुसऱ्याने ते स्वीकारले किंवा नाकारले तरच गोष्ट मिटते. पहिले सहा आठवडे आम्ही थेट संपादन करत होतो, कारण दोघांनाही ते मोकळेपणाचे वाटत होते. इतका परस्परविश्वास असताना परवानगी कशाला मागायची, अशी माझी समजूत होती.

सरांनी सासूच्या तोंडी एक ओळ लिहिली होती, “आवं, बसा की जरा, च्या तरी घ्या.” मी ती “अहो, बसा ना जरा, चहा तरी घ्या” अशी केली. शहरी नटीला ते सोपे जाईल असे मला वाटले होते. त्या प्रवेशात मी असे वीसेक बदल केले. सर काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी फोनवर “छान झालाय प्रवेश, ताई” असेही म्हणाले. आठवड्याभराने एक वेगळेच वाक्य शोधण्यासाठी मी आवृत्तीचा इतिहास उघडला. या साधनात संहितेची जुनी रूपे दिनांक, वेळ आणि लिहिणाऱ्याच्या रंगासह साठवलेली असतात. त्यात दिसले, की मी बदल केले त्याच रात्री सरांनी आपली ओळ परत लिहिली होती आणि काही मिनिटांनी ती स्वतःच खोडून माझी ओळ पुन्हा बसवली होती. एकाच ओळीचे नव्हे, तर चार ओळींचे तसे झाले होते.

त्या पानाकडे मी बराच वेळ पाहत राहिले. एखादा सहलेखक भांडला तर निदान कळते. जो मनातून पटलेले नसताना गप्प राहून माघार घेतो, त्याच्याबरोबर एक नाटक कदाचित पूर्ण होते, परंतु तिसऱ्या-चौथ्या नाटकापर्यंत त्याच्या मनात काय साठले असेल हे कोणीच सांगू शकत नाही. आणि माझ्याविषयीही मला तितकेच वाईट वाटले, कारण एका माणसाच्या कानात साठ वर्षे मुरलेली भाषा मी “नटीला सोपे जाईल” एवढ्या सबबीवर पुसली होती आणि मला ते पुसणे आहे हे जाणवलेही नव्हते.

मी फोन केला. इतिहास पाहिला हे आधी सांगितले, कारण तो न सांगता विषय काढणे मला अप्रामाणिक वाटले. सर थोडे थांबले आणि म्हणाले, “ताई, तुम्ही शहरातल्या. नाटक तिकडं लागणार. मला वाटलं, तुम्हाला जास्त कळतं.” त्यानंतर आम्ही तासभर त्या एका बाईविषयी बोललो. ती घरात आलेल्या व्याह्यांना बसा म्हणताना आतून किती भेदरलेली आहे आणि म्हणूनच ती आपल्या सवयीच्या बोलीला कशी घट्ट धरून राहते, हे सरांनी मला त्या दिवशी पहिल्यांदा सांगितले. ती ओळ परत आली आणि आता संहितेत आहे. नाटकाची दिशा बदलणारे संभाषण त्या सहा महिन्यांत एवढे एकच झाले आणि ते इतिहासाच्या त्या पानामुळे झाले.

त्या दिवसापासून आम्ही थेट संपादन बंद केले. आपल्या स्वतःच्या ओळी कशाही बदलाव्यात, दुसऱ्याच्या ओळीला मात्र सूचनेच्या रूपातच हात लावावा, असा नियम केला. त्याहून महत्त्वाचा दुसरा नियम असा, की सर्व सूचना एका कळीने स्वीकारण्याची सोय आहे ती वापरायची नाही. ती सोय वेळ वाचवते हे खरे, परंतु आम्हाला वेळ वाचवायचा नव्हता. प्रत्येक सूचना वाचून होय किंवा नाही म्हणण्याचे कष्ट दोघांनी घेतले, तेव्हाच सर नाही म्हणायला शिकले आणि मी ते ऐकायला शिकले. पुढच्या एका प्रवेशात माझ्या ४१ सूचनांपैकी त्यांनी १७ नाकारल्या. तो आकडा मी वहीत आनंदाने नोंदवून ठेवला आहे.

समासात लिहायच्या टिप्पण्यांचा अनुभव संमिश्र आहे. “हा प्रसंग दुपारी घडतो की रात्री?” असे प्रश्न त्यांत छान सुटतात आणि सुटलेल्या टिप्पण्या नंतरही वाचता येतात. मात्र “हे पटत नाही” एवढेच समासात लिहिले, की त्यात आवाज नसतो, चेहरा नसतो, आणि वाचणारा आपल्या मनातला आवाज त्याला देतो. एकाच ओळीवर तिसरी टिप्पणी आली की लिहिणे थांबवून फोन करायचा, असे आम्ही ठरवले.

आता या साधनाचा चकवा. आवृत्तीचा इतिहास प्रत्येक लेखकाचा मजकूर वेगळ्या रंगात दाखवतो, त्यामुळे कोणी किती लिहिले हे त्यात स्पष्ट दिसते असा भास होतो. पाचव्या महिन्यात माझ्या परिचयातील एका गृहस्थांनी, मोठ्या सद्भावनेने, त्या रंगांवरून शब्द मोजून मानधनाची टक्केवारी ठरवावी असे सुचवले. मी तसे करून पाहिले असते तर शेवटचा प्रवेश संपूर्ण माझा ठरला असता. वास्तविक त्याची कल्पना सरांची होती, अर्धे संवाद त्यांनी फोनवर म्हणून दाखवले आणि मी ते टंकले. दुसरीकडून आणून चिकटवलेला मजकूरही चिकटवणाऱ्याच्याच रंगात दिसतो. सरांनी कागदावर लिहून छायाचित्र पाठवलेले दोन प्रवेश याच रीतीने माझ्या नावावर जमा आहेत. बोटे कोणाची चालली एवढेच हे साधन जाणते. नाटकाचा शेवट बदलणारे “सुनेने दार उघडायचंच नाही” हे चार शब्द कोणाला आणि कधी सुचले, ते त्याला कळण्याचा मार्ग नाही.

आपला १९५७ चा कॉपीराइट कायदाही हे मोजमाप मागत नाही. त्याच्या व्याख्येप्रमाणे दोन किंवा अधिक लेखकांच्या सहकार्याने निर्माण झालेली आणि ज्यात एकाचा वाटा दुसऱ्याच्या वाट्यापासून वेगळा काढता येत नाही, अशी कृती म्हणजे संयुक्त कर्तृत्वाची कृती. वाटा वेगळा काढता न येणे हीच तिची ओळख आहे. मला ही व्याख्या वाचून मोठा धीर आला, कारण सासूची ती ओळ आज जेथे आणि जशी आहे, त्यात सरांचे शब्द आहेत आणि माझी बांधणी आहे, आणि दोहोंपैकी एक काढले तर ती ओळ राहत नाही.

साधनाची सर्वांत मोठी उणीव मला हीच व्याख्या वाचताना उमगली. कायद्याच्या दृष्टीने आमच्या संहितेचे कर्ते दोन आहेत, गूगल डॉक्समध्ये मात्र एका फाइलला मालक एकच असतो. दुसरा कितीही वर्षे लिहीत असला तरी तो संपादक. मालकाने फाइल कचरापेटीत टाकली तर ती तेथे ३० दिवस राहते आणि नंतर कायमची जाते. मालकाचे वैयक्तिक खाते दोन वर्षे वापराविना राहिले, तर ते मजकुरासह काढून टाकण्याचा अधिकार कंपनीने आपल्या धोरणात राखून ठेवला आहे. मालकाचा मृत्यू झाला तर काय, हा प्रश्न आम्ही दोघेही टाळत होतो, तो या मुद्द्याने समोर आणला. संहितेची प्रत करून घेता येते, परंतु प्रतीबरोबर जुना इतिहास येत नाही. एवढ्या मोठ्या कंपनीला संयुक्त मालकीची सोय करणे अवघड नसावे, आणि जोवर ती नाही, तोवर दीर्घकाळ एकत्र लिहू इच्छिणाऱ्यांनी या फाइलीला आपले एकमेव घर मानू नये असे माझे ठाम मत आहे. आम्ही दर महिन्याच्या अखेरीला वर्ड आणि पीडीएफ अशा दोन्ही स्वरूपांत प्रत उतरवून दोघांच्या मेलवर पाठवतो आणि सर त्यातली एक छापून, तारीख घालून, कपाटात ठेवतात.

मराठीत लिहिणाऱ्यांसाठी एक बाब निराळी सांगायला हवी, कारण तिने आमचे दोन दिवस घेतले. एका पात्राचे आडनाव बदलायचे ठरल्यावर शोधून बदलण्याची सोय वापरली, तर काही ठिकाणी ते बदलले, काही ठिकाणी तसेच राहिले. आडनावात ‘साताऱ्याला’ या शब्दात येतो तसा अर्धा र होता. हा अर्धा र दोन प्रकारे टंकता येतो: नुक्ता असलेल्या ऱ ला हलन्त जोडून, किंवा साध्या र ला हलन्त आणि त्यापुढे न दिसणारे सांधणारे चिन्ह देऊन. पडद्यावर दोन्ही सारखेच दिसतात, संगणकासाठी मात्र ते दोन निराळे शब्द असतात. ‘ॲ’ या अक्षराचेही तसेच आहे. सरांच्या फोनचा कळफलक एक प्रकार वापरत होता, माझ्या लॅपटॉपचा दुसरा. हा दोष या साधनाचा नव्हे, परंतु दोन माणसे दोन कळफलकांवरून एकाच फाइलीत लिहू लागली की तो हमखास उघडा पडतो. पहिल्याच दिवशी दोघांनी एकच कळफलक ठरवून घ्यावा.

एवढे सारे करूनही दीर्घकाळच्या भागीदारीचे काही प्रश्न या पडद्यावर येतच नाहीत. कोणाच्या घरी आजारपण आले तर काम किती थांबवायचे, एकाला एकट्याने काही लिहावेसे वाटले तर दुसऱ्याने ते कसे घ्यायचे, प्रयोगागणिक येणाऱ्या मानधनाची वाटणी कशी करायची, हे बोलूनच ठरते. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी १९८५ पासून २०२१ मध्ये भावे यांचे निधन होईपर्यंत एकत्र चित्रपट केले. पटकथा मुख्यतः भावे यांच्या, गीते सुकथनकरांची आणि दिग्दर्शन दोघांचे. मला त्यातून एवढे घ्यावेसे वाटते, की सगळे काही निम्मे-निम्मे करणे हा एकत्र काम करण्याचा एकच मार्ग नाही. सरांनी संवादांची आणि मी बांधणीची पहिली जबाबदारी घ्यावी, ही आमची वाटणी तेवढ्यापुरती निर्धास्तपणे पुढे चालू ठेवता येईल.

सहाव्या महिन्याच्या अखेरीला सर ठाण्याला आले. जेवण झाल्यावर आम्ही लॅपटॉप उघडला आणि नाव देऊन जपून ठेवलेल्या २३ आवृत्त्या पहिल्यापासून एकेक करून पाहिल्या. महत्त्वाच्या टप्प्यावर आवृत्तीला नाव देण्याची ही सोय मी आवर्जून वापरायला सांगेन, कारण एरवी साठवणीची जागा वाचवण्यासाठी जुने बारीकसारीक टप्पे कधी कधी एकमेकांत मिसळले जातात. त्या २३ आवृत्त्यांत आम्हाला आमचे वागणे दिसले. पहिल्या महिन्यातली घाई दिसली, मधला अवघडलेपणा दिसला, आणि चौथ्या महिन्यापासून सूचना नाकारल्या जात असतानाही प्रवेश वेगाने पुढे जात होते हेही दिसले. सरांनी विचारले, “पुढचं कधी सुरू करायचं?” निर्णय तेथेच झाला.

तो निर्णय दहा वर्षांचा नाही, आणखी दोन नाटकांचा आहे. ५०० रुपयांच्या मुद्रांकावर आम्ही एक साधा करार केला आणि एका परिचित वकिलांकडून तपासून घेतला. मानधन समान. श्रेयनामावलीत नावांचा क्रम नाटकागणिक आलटून पालटून. निर्मात्याशी होणाऱ्या प्रत्येक करारावर दोघांच्या सह्या, आणि त्यात मुदत व प्रदेश स्पष्ट लिहिलेला. ही शेवटची अट वकिलांनी घालायला लावली, कारण हक्क लेखी हस्तांतरित करताना मुदत नमूद केली नाही तर कायदा ती पाच वर्षे धरतो आणि प्रदेश नमूद केला नाही तर तो भारतापुरता धरतो. संयुक्त कृतीच्या हक्काची ६० वर्षे शेवटच्या लेखकाच्या मृत्यूनंतर मोजली जातात, म्हणून दोघांच्या वारसांची नावेही जोडली. दोघांपैकी एकाला थांबावेसे वाटले, तर अर्धवट संहिता त्याच्या लेखी संमतीशिवाय दुसऱ्याने पुढे न्यायची नाही, असे एक कलम सरांनी सुचवले. ते मी काहीही बदल न करता स्वीकारले.

पहिल्या नाटकाच्या फाइलीची मालक मी आहे, म्हणून नव्या नाटकाची फाइल सरांनी आपल्या खात्यातून उघडली आणि मला संपादक म्हणून बोलावले. तिच्या पहिल्या पानावर त्यांनी कळफलकाचे नाव लिहिले आहे आणि त्याखाली एक ओळ: “थेट बदल करू नयेत. सुचवावे.”